शेजारच्या चौकटीची हळद

तुळशीराम वकील जाऊन आता बरीच वर्षं झाली. गेलेल्या माणसाबद्दल चांगलं बोलावं अशी आपल्याकडे रीत आहे, आणि तुळशीरामबद्दल चांगलं बोलायला तशी काही अडचण नाही. अडचण एवढीच, की त्याच्याबद्दल चार शब्द चांगले बोललो की माझ्या पोटात दुखायला लागतं. तो होता तेव्हाही दुखायचं. माझ्या बायकोला हे दुखणं पहिल्यापासून ठाऊक आहे. आजही बार रूममध्ये कुणी त्याचं नाव काढलं आणि मी घरी येऊन गप्प बसलो, की ती ताट वाढता वाढता विचारते, "आज तुळशीराम भावजींचा विषय निघाला होता का?"

आम्ही दोघांनी एकाच वकिलांकडे उमेदवारी केली. त्यांना सगळे बापूसाहेब म्हणत. नव्वद सालानंतरची गोष्ट. आमचा तालुका तेव्हा परभणीत होता, हिंगोली जिल्हा नंतर झाला. मी गावातलाच, हेडमास्तरांचा मुलगा, औरंगाबादला राहून शिकलेला. तुळशीराम पुसेगावकडच्या एका तांड्यावरचा, नांदेडला शिकलेला. मला कलमं पाठ असायची. तुळशीरामला अशिलाच्या सासुरवाडीचं गाव पाठ असायचं. नवा अशील बापूसाहेबांच्या ओसरीवर आला की मी कागद पुढे ओढून विचारायचो, "गट नंबर?" आणि तुळशीराम आतून पाण्याचा तांब्या घेऊन येत म्हणायचा, "काका, जेवून निघाले का तसंच आले?"

अशील माझ्याकडे पाठ करून त्याच्याकडे तोंड करायचा. हे पहिल्या आठवड्यात घडलं आणि मग कायमचंच झालं. बापूसाहेबांनी काही दिवस बघितलं आणि कामाची वाटणी करून टाकली. मला म्हणाले, "मसुदा तू लिहीत जा. तुझं अक्षर चांगलं आहे. बोलायला तुळशीरामला पाठवू." माझ्या वकिलीच्या सुरुवातीला माझ्या अक्षराचं कौतुक झालं, ते असं.

दिसायला तो उंच, सावळा, आणि स्वतःच्या मिशांवर मनापासून प्रेम करणारा होता. कोटाच्या वरच्या खिशात छोटा कंगवा असायचा. न्यायाधीश आसनावर येण्याआधी तो मिशा विंचरून घ्यायचा, आणि साहेब बसले की कंगवा परत खिशात. कोटाचे खालचे दोन्ही खिसे कायम फुगलेले, कारण त्यात फुटाणे असायचे. युक्तिवादाला उभं राहण्याआधी तो मूठभर फुटाणे टेबलावर विरुद्ध बाजूच्या वकिलापुढे ठेवायचा. विरुद्ध बाजूचा वकील बहुतेक वेळा मीच. मी ठरवून जायचो की आज हात लावायचा नाही. पण तो बोलत राहायचा, बाकावरची माणसं हसत राहायची, आणि मला काही सुचेनासं झालं की हात आपोआप टेबलाकडे जायचा. माझ्या त्या काळच्या फाइली आजही झटकल्या तर फुटाण्याची सालं पडतात.

त्याच्यात खोट नव्हती असं नाही, आणि ती सांगताना मला बरं वाटतं. तो कधीही वेळेवर यायचा नाही. तारखा विसरायचा. त्याचा दावा वाचायला घेतला तर तिसऱ्या परिच्छेदातला मजकूर सातव्यात पुन्हा भेटायचा. कित्येकदा साहेबांनी त्याला भर कोर्टात झापलं. झापून झालं की तो म्हणायचा, "चुकलंच साहेब," आणि इतकं मोकळेपणी म्हणायचा की पुढे रागवायला साहेबांकडे काही उरायचं नाही. मी कधी चुकत नसे, त्यामुळे माझ्याकडे बघून कधी कुणी हसलंही नाही.

पुढे दोघांची वेगळी वकिली सुरू झाली आणि मला नगरपालिकेचं काम मिळालं. मी पेढे वाटले. बार रूममध्ये तुळशीरामनं दोन पेढे उचलले, एक तोंडात टाकला आणि म्हणाला, "चला, आता तुमी सरकार झाले." तेव्हापासून त्यानं मला कधी नावानं हाक मारली नाही. भर बाजारात, एस. टी. स्टँडवर, माझ्या सासऱ्यांसमोरसुद्धा: "काय सरकार, बरं हाय ना?"

त्या वर्षांत गाव वाढत होतं. कापसाचा आणि हळदीचा पैसा हाती आला की जो तो जुनं माळवद पाडून स्लॅब टाकायचा. प्लॉट संपतो तिथपर्यंत भिंत, आणि जमलं तर वर छज्जा शेजाऱ्याच्या हद्दीत. बाजूची मोकळी जागा नकाशात सोडलेली असायची, जागेवर ती सापडायची नाही. मग शेजारचा मालक उठायचा, नगरपालिकेनं परवानगी दिलीच कशी म्हणून कोर्टात यायचा. असे दावे पावसाळ्यात उगवल्यासारखे उगवले. नगरपालिकेकडून मी, आणि समोर बहुधा तुळशीराम.

त्याचं एक पालुपद होतं. अशील पहिल्यांदा आला, की वकीलपत्रावर सही घेण्याआधी तो त्याच्याकडून म्हणवून घ्यायचा.

"भांडण कोनाशी?"

"शेजाऱ्याशी, वकीलसाहेब. त्यानं भिंत..."

"न्हाई. भांडण नगरपालिकेशी. शेजाऱ्याशी न्हाई. म्हणा."

अशील नाइलाजानं म्हणायचा. कुणी जास्त कुरकुर केली तर तुळशीराम समजावून सांगायचा, "अरे, नगरपालिकेचे मेंबर पाच वर्षानं बदलतेत. शेजारी बदलून मिळतो का? रातच्याला घरात कुनाला बरं-वाईट झालं तर आधी कोन येईन, मी का त्यो?" कायद्यानं शेजाऱ्यालाही प्रतिवादी करावंच लागतं. तो करायचाही. पण दाव्याच्या शेवटी एक ओळ हमखास घालायचा: प्रतिवादी क्रमांक दोनविरुद्ध वादीची व्यक्तिशः काही तक्रार नाही. ही ओळ वाचून आम्ही सगळे वकील खूप हसायचो. मी जरा जास्तच.

आणखी एक खोड म्हणजे जागेवर जाऊन बसणं. वकिलानं जागा बघावी, ठीक आहे. हा बघायचा नाही, बसायचा. आणि अशिलाच्या घरी न बसता शेजाऱ्याच्या ओट्यावर बसायचा, ज्याच्या बांधकामाविरुद्ध दावा आहे त्याच्या. आधी पाणी मागायचा, मग पाऊसपाणी विचारायचा, मग पोरीचं लग्न जमलं का ते. एकदा एका सोनाराची खिडकी शेजाऱ्याच्या नव्या भिंतीनं बुजत होती. कोर्टाच्या हुकमानं आम्ही सगळे मोजणीला गेलो. नगरपालिकेचा ओव्हरसिअर टेप घेऊन आला, पण त्याचा माणूस आला नव्हता. टेपचं दुसरं टोक कुणी धरायचं? तुळशीराम पुढे झाला. स्वतःच्या विरुद्ध बाजूची मोजणी तो स्वतः टेप धरून करू लागला, आणि धरता धरता शेजाऱ्याच्या म्हातारीशी अंबाडीच्या भाजीबद्दल बोलू लागला. मोजणी संपेपर्यंत म्हातारीनं भाकरी टाकल्या होत्या. सोनार आणि शेजारी एका पंगतीला बसले, मध्ये तुळशीराम. मी उन्हात उभा राहून पंचनाम्यावर सह्या घेत होतो. मला कुणी बोलावलं नाही असं नाही. म्हातारीनं बोलावलं. पण ती म्हणाली, "त्या सरकारलाबी बोलवा," आणि मला राग आला.

पुढच्या तारखेला तडजोड दाखल झाली. शेजाऱ्यानं भिंतीत झरोका सोडला. गावात चर्चा अशी, की तुळशीराम वकिलानं मिटवलं. मी घरी येऊन बायकोला सांगितलं की मिटवायला काही अक्कल लागत नाही. ती म्हणाली, "मग तुम्ही एखादं मिटवून बघा ना."

आता रुक्मिणबाईचं प्रकरण सांगतो. त्याच्यासाठीच हे सगळं लिहायला बसलो आहे, कारण तुळशीरामला मी खऱ्या अर्थानं हरवलं ते याच प्रकरणात.

गावाच्या कडेला, वसमतच्या रस्त्यावर रुक्मिणबाईचं घर आणि घरापुढे मोठं फरशीचं अंगण. नवरा मेंढरांमागे रानात, घरचा सगळा कारभार बाईकडे. धंदा हळदीचा. ज्यांच्याकडे स्वतःची कढई नाही असे लहान शेतकरी ओली हळद तिच्याकडे आणायचे. ती शिजवून, अंगणात वाळवून द्यायची, आणि मग ती वसमतच्या बाजारात जायची. हळदीला ऊन लागतं, आणि दिवसभराचं लागतं. शिजवलेली हळद सावलीत राहिली की आतून मऊ पडते, बुरशी धरते, व्यापारी हातात घेऊन मोडून बघतो आणि बाजूला सारतो. म्हणजे त्या अंगणावरचं ऊन हाच बाईचा धंदा.

अंगणाच्या दक्षिणेचा प्लॉट गंगाधरशेठनं घेतला. खतं-बियाण्यांचा व्यापारी, माणूस सरळ, पण तीन मजले बांधायची हौस मोठी. नगरपालिकेनं परवानगी दिली. अंगणाच्या बाजूला सोडायची जागा नकाशात होती. पाया खणला तेव्हा ती नव्हती. तीन मजली भिंत दक्षिणेला, अगदी हद्दीवर उभी राहिली तर थंडीच्या दिवसांत अर्ध्याहून जास्त अंगण सावलीत जाणार, आणि हळदीचा हंगाम नेमका तेव्हाच. रुक्मिणबाई तुळशीरामकडे गेली. तिच्याकडूनही त्यानं म्हणवून घेतलं: भांडण नगरपालिकेशी, शेजाऱ्याशी न्हाई. परवानगी रद्द करा आणि तोवर काम थांबवा, असा दावा लागला.

काम थांबवायच्या अर्जावर सुनावणी व्हायच्या आधीच गंगाधरशेठनं चौकट बसवायचा मुहूर्त काढला. आमच्याकडे घराची पहिली चौकट उभी करणं हा मोठा सोहळा. आंब्याचं तोरण, नारळ, चौकटीला काळ्या दोऱ्यात बिब्बा. आणि त्या आळीत अशी पद्धत, की चौकटीला पहिली हळद शेजारणीनं लावायची. घरातल्या बाईनं नाही, बहिणीनं नाही, शेजारणीनं. गंगाधरशेठची बायको रीतसर बोलवायला गेली. रुक्मिणबाई गेली. नवी साडी नेसून, आपल्याच अंगणात वाळलेली हळद दळून, वाटीत घेऊन गेली आणि जे घर आपलं ऊन खाणार त्याच्या चौकटीला तिनं पाच बोटं हळद लावली. फोटोग्राफरनं फोटो काढला.

तो फोटो मला गंगाधरशेठनंच दाखवला. मी परवानगीच्या कागदांसाठी त्याच्या दुकानात गेलो होतो. चहा येईपर्यंत त्यानं हौसेनं अल्बम काढला. मी पानं उलटत होतो आणि एका पानावर माझा हात थांबला. वादी स्वतः, हसऱ्या चेहऱ्यानं, वादातल्या इमारतीच्या चौकटीला हळद लावते आहे. मी म्हणालो, "शेठ, हा फोटो मला हवा." तो म्हणाला, "घ्या की, चांगला आलाय."

सुनावणीच्या दिवशी मी तुळशीरामचे फुटाणे बाजूला सरकवले. उभा राहिलो, फोटो साहेबांपुढे ठेवला आणि शांतपणे सांगितलं, की बांधकामाला जिची हरकत आहे ती बाई त्याच बांधकामाच्या पूजेला जाऊन हळद लावते, म्हणजे तिची संमती आहे. डोळ्यांदेखत काम होऊ द्यायचं, त्यात आनंदानं भाग घ्यायचा आणि मग थांबवा म्हणायचं, हे कायद्याला चालत नाही. आधीच्या निकालांचे दाखले दिले. माझ्या आयुष्यातला तो सर्वात चांगला युक्तिवाद होता, हे मला बोलतानाच कळत होतं. कोर्टात कुणी हसत नव्हतं.

तुळशीराम उठला. मिशांना हात लावला नाही. "व्हय साहेब. गेली होती. म्याच पाठवली."

साहेबांनी चष्म्यावरून बघितलं. "तुम्ही पाठवलीत? यानं तुमच्या दाव्याला बाध येईल हे कळलं नाही तुम्हाला?"

"कळलं ना साहेब. बाई विचारायला आली होती, जाऊ का नको. म्या म्हनलं, जा. दाव्याला पुढची तारीख भेटती साहेब. चौकटीला भेटत न्हाई."

बाकावर हशा पिकला. साहेबही हसले. माझ्या अंगाचा तिळपापड झाला, कारण माझे दाखले एका वाक्यात विसरले जाणार असं मला वाटलं. पण न्यायाधीश हसला म्हणजे हुकूम फिरतो असं नसतं. साहेबांनी दोन दिवसांनी आदेश दिला: वादीच्या वागण्यातून संमती दिसते, सबब काम थांबवण्याचा अर्ज नामंजूर. आजही म्हणतो, कायद्यानं मी बरोबर होतो.

आदेश ऐकून सगळे व्हरांड्यात आलो. रुक्मिणबाईनं तुळशीरामला एवढंच विचारलं, "मंग आता उनाचं कसं?"

तुळशीरामला शब्द सुचत नाहीत हे मी पहिल्यांदा बघत होतो, आणि खरं सांगतो, मला गोड वाटलं. "बघू बाई," तो शेवटी म्हणाला. मी मागे रेंगाळलो. हरलेल्या वकिलाला अशील काय बोलतो ते मला ऐकायचं होतं. धंद्यातला तो नेहमीचा प्रसंग आहे, प्रत्येकाच्या वाट्याला येतो, तुळशीरामच्या कधी आला नव्हता. बाईनं पदराआडून फडकं काढलं. त्यात भाकरी आणि लाल मिरचीचा ठेचा होता. "सकाळधरनं उपाशी हायसा," म्हणाली, "खाऊन घ्या आधी." एवढंच. मी जिंकून दिलेल्या नगरपालिकेनं मला त्या दिवशी पाणीसुद्धा विचारलं नव्हतं.

घरी जाऊन बायकोला सांगितलं, "तुळशीरामला हरवलं आज." तिनं सगळं नीट ऐकून घेतलं आणि विचारलं, "आणि त्या बाईची हळद?"

दुसऱ्या दिवशी गंगाधरशेठ माझ्याकडे आला. मला वाटलं, आभार मानायला. तो बसलाच नाही. उंबऱ्यातच उभा राहून म्हणाला, "वकीलसाहेब, त्यो फोटो तुमी कोर्टात काहून दिला?"

"अहो, त्या फोटोमुळेच तुमचं काम चालू राहिलं."

"त्ये बराबर हाय. फायदा झाला, न्हाई म्हनत न्हाई. पन त्यो फोटो घरचा होता. ती बाई बोलावलं म्हनून आली, पहिली हळद लावून गेली, अन् आमी तिच्या हळदीचाच पुरावा केला. आता तिच्या दारावरून जाताना मान वर करता येईना."

"मग काम थांबवा," मी चिडून म्हणालो.

"कसं थांबवू? समदा पैसा त्याच्यात घातलाय," तो म्हणाला आणि निघून गेला.

काम चालू राहिलं. तुळशीरामनं वर अपील करायला हवं होतं. ते त्यानं केलं नाही. मुदत विसरला की जाऊ दिली, हे कुणाला कळलं नाही. बार रूममध्ये मी दोन-चार वेळा सहज आठवण काढली, की काही लोकांना मुदतीचा कायदा ठाऊक नसतो. त्यानं फुटाणे पुढे केले आणि म्हणाला, "खरं हाय सरकार." पावसाळ्यानंतर तिसऱ्या मजल्याचा स्लॅब टाकून झाला. थंडी आली आणि ठरल्याप्रमाणे सावली अंगणात उतरली. रुक्मिणबाईची पहिली हळद मऊ पडली. ज्यांची होती त्यांनी पुढची पोती दुसरीकडे नेली. कढईखालचा जाळ विझला. हे सगळं मला कळत होतं, कारण माझा रोजचा रस्ता तिकडूनच होता. त्या अंगणाजवळ आलो की मी सायकलचा वेग वाढवायचो. माझा काही दोष नव्हता. मी फक्त कायदा सांगितला होता.

आणि मग माघाच्या शेवटी, एका सकाळी, टेकाडावरच्या कोर्टाच्या आवारातून मला गंगाधरशेठच्या इमारतीची गच्ची पिवळी दिसली. मला वाटलं, कुणाच्या लग्नाची वस्त्रं वाळत घातली असतील. पण सगळ्या गच्चीभर? मधल्या सुट्टीत मी पायी निघालो.

इमारतीच्या बाजूला बांधकामाची कप्पी अजून लटकत होती, स्लॅबच्या वेळी सिमेंटची घमेली वर न्यायला लावलेली. दोराला आता पोतं बांधलेलं होतं. शिजवलेल्या हळदीचं, वाफाळतं. खाली अंगणातली कढई धडधडत होती, आणि दोर ओढत होता स्वतः गंगाधरशेठ, धोतराचा काचा मारून, घामानं निथळत. वर रुक्मिणबाई पोती रिकामी करून हळद पसरत होती. गावातल्या कुठल्याच अंगणावर नसेल असं ऊन त्या गच्चीवर होतं. तिथं सावली टाकायला त्याहून उंच काही उभंच नव्हतं.

"शेठ, हे काय?"

"गच्ची तिला दिली," तो दोर धरूनच म्हणाला. "हंगामापुरती. दरवर्षी."

"तुळशीरामनं सांगितलं?" मी विचारलं. माझा आवाज चढला असावा.

"न्हाई हो. वकील काईच बोलले न्हाईत. नुसते रोज येऊन तिच्या वट्यावर बसायचे. आमच्या भिंतीच्या सावलीत. कोट घालून, थंडीत कुडकुडत. फुटाने खायचे. मी दुकानाला निघालो की मलाबी मूठभर द्यायचे. राम राम म्हनायचे, बस. एक शब्द जास्त न्हाई. आता तुमीच सांगा, मानसानं किती दिवस बगावं? अन् तिचा हात हाय माज्या चौकटीवर. तिची हळद माज्याच सावलीत सडती, अन् मी त्याच चौकटीतनं रोज जाऊन येऊन राहिलो."

माझ्या डोक्यात एकच गोष्ट फिरत होती. तो बसायचा, मी कधी बघितला कसा नाही? कारण तिथं आलो की मी सायकल जोरात मारायचो. गावातला एकमेव माणूस मी असेन, ज्याला ते माहीत नव्हतं.

त्याच वर्षी उन्हाळ्याची सुट्टी लागली, तुळशीराम तांड्यावर गेला आणि तिथंच, आंब्याखाली बाजेवर पडल्या पडल्या, हृदय बंद पडून गेला. मातीला आम्ही सगळे गेलो. वाटेत रस्त्याच्या दोन्ही बाजूंना माणसं उभी होती, त्यानं दावा जिंकून दिलेली होती, दावा घालवलेली होती, आणि त्याच्या विरुद्ध लढलेली तर सगळ्यात जास्त होती. सोनारही होता आणि सोनाराचा शेजारीही. गंगाधरशेठची जीप रुक्मिणबाईला घेऊन आली. मी त्या गर्दीकडे बघितलं आणि, देव मला माफ करो, त्यातले माझ्या वेळी कोण कोण येतील याचा विचार करत राहिलो.

म्हणजे मला तो शेवटचा नीट दिसला तो माघातल्या त्या दिवशी, त्या गच्चीवर. शेठ बोलत असताना वरून हाक आली. "काय सरकार!" मी मान वर केली. गच्चीच्या कठड्यापाशी तुळशीराम उभा होता. कोट काढून कठड्यावर टाकलेला, पांढरी पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली, पाय घोट्यापर्यंत पिवळे. मिशांनासुद्धा हळद लागली होती. त्याच्यामागे निळं आकाश आणि गच्चीभर वाळणारी हळद.

"या की वर," तो ओरडला. "जिना तुमच्याच परवानगीतला हाय!"

गंगाधरशेठ हसला. वर रुक्मिणबाई पदर तोंडाला लावून हसली. मला वर जायचं होतं. इतकं, की पाय उचललाही होता. पण त्या गच्चीवर त्याच्याशेजारी उभं राहायचं म्हणजे काय, हे मला कळत होतं. निकाल माझा, परवानगी माझ्या नगरपालिकेची, इमारत माझ्या बाजूच्या माणसाची, आणि तरी तिथं पाहुणा मीच असणार होतो.

"दुपारची तारीख आहे," मी ओरडून सांगितलं.

"मंग थांबा जरा," तो म्हणाला आणि कठड्यामागे दिसेनासा झाला. कप्पी करकरली. दोराला बांधलेलं सिमेंटचं जुनं घमेलं हेलकावे खात तिन्ही मजले उतरून माझ्यापुढे आलं. आत मूठभर फुटाणे होते, हळदीच्या हातानं ठेवलेले, पिवळे झालेले.

मी ते तिथंच उभ्यानं तोंडात टाकले. कडवट लागत होते. वरून त्याचा आवाज आला, "पुरले का सरकार, का अजून सोडू?"

तोंड भरलेलं होतं, त्यामुळे मला उत्तर देता आलं नाही.